एसजीपीटी नॉर्मल आला म्हणजे यकृत ठीक आहे का? सिरॉसिसच्या तपासण्या, ओळीने

रिपोर्ट हातात पडला की नजर आधी ठळक छापलेल्या आकड्याकडे जाते. यकृताच्या रिपोर्टमध्ये तो बहुतेक वेळा एसजीपीटीचा असतो. वाढलेला दिसला की घाबरगुंडी उडते, मर्यादेत दिसला की विषय संपतो. सिरॉसिसच्या बाबतीत या दोन्ही प्रतिक्रिया चुकू शकतात आणि दुसरी जास्त महागात पडते.

एसजीपीटी हे यकृताच्या पेशींच्या आतलं एन्झाइम आहे. पेशी दुखावली की ते रक्तात गळतं. म्हणजे सध्या पेशींची मोडतोड चालू आहे की नाही, एवढंच हा आकडा सांगतो. सिरॉसिस म्हणजे वर्षानुवर्षांच्या मोडतोडीनंतर उरलेले वण आणि त्या वणांच्या जाळ्यात अडकलेल्या पेशींच्या गाठी. मोडतोड थंडावली असेल, किंवा मोडायला पेशीच फारशा उरल्या नसतील, तर सिरॉसिस असूनही एसजीपीटी 28, म्हणजे मर्यादेत, येऊ शकतो. उलट, साध्या विषाणूजन्य काविळीत तो हजाराच्या वर जातो आणि काही आठवड्यांत यकृत पूर्ववत होतं.

तेव्हा ‘सिरॉसिसची टेस्ट’ अशी एकच नसते. इजा चालू आहे का, यकृत काम करतंय का, वण किती आहेत आणि हे कशामुळे झालं, अशा चार प्रश्नांची उत्तरं वेगवेगळ्या तपासण्यांतून मिळतात. एकाच्या उत्तरावरून दुसऱ्याचा अंदाज बांधला की गफलत होते.

पहिली पायरी: नमुना नीट जाऊ द्या

एलएफटीसाठी (यकृताच्या रक्ततपासण्यांचा नेहमीचा संच) उपाशीपोटी जाण्याची सक्ती नसते. सोबत साखर किंवा चरबीची तपासणी असेल तर 8 ते 12 तास उपाशी राहायला सांगतात, ते त्या तपासण्यांसाठी. एक गंमत लक्षात ठेवा: गिल्बर्ट सिंड्रोम नावाची एक निरुपद्रवी जन्मजात ठेवण असते. त्या लोकांमध्ये लांबलेल्या उपवासानेच बिलिरुबिन, म्हणजे काविळीत वाढणारं पिवळं द्रव्य, वाढतं. काही खाल्लेलं नाही, डोळे किंचित पिवळे, बिलिरुबिन 2.1, त्यातलं जवळपास सगळं इनडायरेक्ट (यकृताने अजून प्रक्रिया न केलेलं) आणि बाकी सगळं नॉर्मल असं चित्र असेल तर आधी हा विचार करायचा. अर्थात रक्तपेशी फुटण्याचा आजार नाही ना, हे हिमोग्लोबिन आणि रेटिक्युलोसाइट (नव्या लाल पेशी) काउंटवरून बघून घेऊनच.

आदल्या दोन-चार दिवसांत जिममध्ये जोरदार वजनं उचलली असतील तर एसजीओटी (एसजीपीटीच्या जोडीचं एन्झाइम) आणि थोडा एसजीपीटीही स्नायूंमधून येतो. शंका आली तर सीपीके, म्हणजे स्नायूंच्या एन्झाइमची तपासणी, करतात. तो खूप वाढलेला असेल तर दोष यकृताचा नसून स्नायूंचा. चालू असलेल्या प्रत्येक औषधाची यादी न्या, आणि त्यात वनौषधी, वजन कमी करण्याच्या गोळ्या, शरीर कमावण्याच्या पावडरीही लिहा. नेमक्या याच गोष्टी सांगायच्या राहतात, आणि यकृताला इजा करणाऱ्यांत त्यांचा नंबर बराच वर लागतो.

नमुन्यातल्या चुका तीन ठिकाणी हमखास होतात. रक्त काढताना पेशी फुटल्या तर एसजीओटी खोटा वाढतो. अशा रिपोर्टवर ‘हिमोलाइज्ड’ असा शेरा असतो. पीटी-आयएनआरची (रक्त गोठायला किती वेळ लागतो ते मोजणारी तपासणी) निळ्या झाकणाची नळी खुणेपर्यंत भरलेलीच हवी. तिच्यात रक्त आणि सायट्रेट (रक्त गोठू न देणारं द्रावण) यांचं 9 ला 1 असं प्रमाण ठरलेलं असतं. नळी अर्धवट भरली की सायट्रेट जास्त पडतं आणि आयएनआर खोटा लांबतो. तिसरी चूक प्लेटलेटची. काहींच्या रक्तात ईडीटीए हे रसायन असलेल्या नळीत प्लेटलेट एकमेकींना चिकटून गुठळ्या होतात आणि मशीन त्या मोजत नाही. 60 हजार असा आकडा अचानक आला तर स्मिअर (काचेवर पसरलेलं रक्त) बघायला सांगा किंवा सायट्रेटच्या नळीत पुन्हा मोजून घ्या.

दुसरी पायरी: रिपोर्ट खालून वर वाचा

एन्झाइम बाजूला ठेवून चार गोष्टी आधी शोधा: अल्ब्युमिन, आयएनआर, बिलिरुबिन आणि प्लेटलेट. यांतला आयएनआर एलएफटीमध्ये नसतो, तो वेगळा सांगावा लागतो. प्लेटलेट सीबीसीच्या, म्हणजे रक्तपेशींच्या मोजणीच्या, कागदावर असतात. म्हणून नुसता एलएफटी करून ‘लिव्हरचं सगळं झालं’ असं समजू नये.

अल्ब्युमिन हे प्रथिन यकृतातच तयार होतं. साधारण 3.5 ते 5 ग्रॅम प्रति डेसिलिटर ही मर्यादा. त्याचा अर्धायुकाल सुमारे 20 दिवसांचा, म्हणून आज यकृत बिघडलं तरी अल्ब्युमिन आठवडाभर जवळपास तसंच दिसेल. ते कमी झालेलं असेल तर दुखणं जुनं असण्याची शक्यता वाढते. मात्र लघवीतून प्रथिनं जात असतील, कुपोषण किंवा मोठा संसर्ग असेल, तरीही ते घसरतं. लघवीची साधी तपासणी सोबत असली की हा गोंधळ बराच मिटतो.

आयएनआरचं उलट. रक्त गोठवणारे घटक यकृत रोज बनवतं आणि त्यांतला सातवा घटक काही तासांतच संपतो. त्यामुळे यकृत एकाएकी बंद पडायला लागलं तर आयएनआर एक-दोन दिवसांत वर जातो. पण पित्त आतड्यात पोचत नसेल तर व्हिटॅमिन के शोषलं जात नाही आणि त्यानेही आयएनआर वाढतो. अशा वेळी डॉक्टर व्हिटॅमिन केचं इंजेक्शन देऊन साधारण 24 तासांनी आयएनआर पुन्हा बघतात. खाली आला तर कमतरता होती, तसाच राहिला तर यकृताची क्षमताच घटलेली आहे. वॉरफरीनसारखं रक्त पातळ करणारं औषध चालू असेल तर हा आकडा यकृताबद्दल काहीच सांगत नाही.

प्लेटलेट हा माझ्या मते सगळ्यात दुर्लक्षित आकडा. यकृतात वण वाढले की पोर्टल व्हेनमधला (आतड्यांकडून यकृताकडे रक्त आणणारी शीर) दाब चढतो, प्लीहा फुगते आणि प्लेटलेट तिच्यात अडकून पडतात. शिवाय त्या बनवण्याचा इशारा देणारं संप्रेरकही यकृतातूनच येतं, तेही कमी पडतं. 1.5 लाखांच्या खाली हळूहळू, वर्षावर्षाला घसरत जाणारे प्लेटलेट ही सिरॉसिसची कित्येकदा पहिली खूण असते. एक रिपोर्ट बघून ते कळत नाही. जुने तीन-चार कागद शेजारी ठेवले की कळतं.

आता एन्झाइम. एसजीपीटी-एसजीओटी जास्त आणि अल्कलाइन फॉस्फटेज थोडंच वाढलेलं असेल तर मार पेशींवर आहे. अल्कलाइन फॉस्फटेज आणि जीजीटी दोन्ही चढलेली असतील तर पित्ताच्या वाटेत काहीतरी आहे. अल्कलाइन फॉस्फटेज हाडांतून आणि गरोदरपणात वारेतूनही येतं, त्यामुळे वाढीच्या वयातल्या मुलांमध्ये आणि गरोदरपणात ते जास्तच दिसतं. जीजीटी नॉर्मल असेल तर यकृताकडे बोट दाखवू नका. एसजीओटी एसजीपीटीच्या दुपटीहून जास्त, पण दोन्ही साधारण 300 च्या आत, हे चित्र दारूच्या इजेचं. दारूचा संबंध नसताना एसजीओटी हळूहळू एसजीपीटीच्या पुढे गेला तर वण वाढत असल्याची शंका घ्यावी.

तिसरी पायरी: कागदावरच एक गणित करा

फिब-4 नावाचा हिशेब त्याच कागदांतून निघतो, वेगळं रक्त लागत नाही. वय गुणिले एसजीओटी, भागिले प्लेटलेट गुणिले एसजीपीटीचं वर्गमूळ.

समजा वय 52, एसजीओटी 68, एसजीपीटी 49, प्लेटलेट 1 लाख 30 हजार. प्लेटलेट इथे हजारांत घ्यायचे, म्हणजे 130. वर 52 × 68 = 3536. खाली 49 चं वर्गमूळ 7, आणि 130 × 7 = 910. भागाकार आला 3.89.

1.3 च्या खाली असेल तर पुढारलेले वण असण्याची शक्यता कमी. 2.67 च्या वर असेल तर ती चांगलीच जास्त. मधला टप्पा म्हणजे ‘अजून कळलं नाही, पुढची तपासणी करा’. वय 65 च्या पुढे असेल तर खालची रेषा 1.3 ऐवजी 2.0 धरतात, कारण सूत्रात वयच गुणलेलं आहे आणि म्हातारपणी आकडा आपोआप फुगतो. 35 च्या आतल्या वयात हे सूत्र भरवशाचं नाही. ऐन हिपॅटायटिसमध्ये, एन्झाइम शेकड्यांत असताना, ते मांडूच नका. घरी गणित करणाऱ्यांची नेहमीची चूक म्हणजे प्लेटलेट 130 च्या जागी 1.3 टाकणं, उत्तर 389 येतं आणि झोप उडते.

वरच्या उदाहरणातला एसजीपीटी 49 आहे, हे पुन्हा एकदा बघा. नुसत्या एलएफटीवर ‘किंचित वाढलेला, सहा महिन्यांनी बघू’ असा शेरा मिळाला असता.

चौथी पायरी: सोनोग्राफी

6 ते 8 तास उपाशी जायचं. जेवणानंतर पित्ताशय आकसतं आणि आतड्यातला वायू आड येतो. रिपोर्टमध्ये यकृताचा पृष्ठभाग खडबडीत आहे का, पोर्टल व्हेन 13 मिलिमीटरपेक्षा रुंद आहे का, प्लीहा 12-13 सेंटिमीटरच्या पुढे गेली आहे का आणि पोटात पाणी आहे का, हे वाचा. डॉपलर केला असेल तर पोर्टल व्हेनमधलं रक्त यकृताकडे जातंय की उलट फिरलंय आणि आत गुठळी आहे का, तेही कळतं.

सोनोग्राफीचा दुबळेपणा दोन्ही टोकांना आहे. सुरुवातीचा सिरॉसिस तिच्यातून सहज निसटतो, आणि ‘फॅटी लिव्हर ग्रेड 1’ हा शेरा तपासणाऱ्याच्या नजरेवर बराच अवलंबून असतो. ग्रेड 1, 2, 3 ही चरबीची प्रतवारी आहे, वणांची नाही. ‘ग्रेड 1 म्हणजे सिरॉसिसची पहिली पायरी’ किंवा ‘ग्रेड 1 आहे म्हणजे धोका नाही’, दोन्ही निष्कर्ष चूक.

पाचवी पायरी: फायब्रोस्कॅन, आणि त्याचा कागद तपासणं

यकृत किती कडक झालं आहे ते सुई न टोचता मोजणारं हे यंत्र. तीन तास पोटात काही नको, कारण जेवणानंतर यकृतात रक्त वाढतं आणि कडकपणा खोटा जास्त येतो. उताणं झोपायचं, उजवा हात डोक्यामागे घ्यायचा म्हणजे बरगड्यांमधली फट उघडते. तिथे जेल लावून तपासणारा प्रोब टेकवतो आणि प्रत्येक मापाला बरगड्यांमध्ये एक हलकी टिचकी बसते. ती 50 हर्ट्झची लहर. ती यकृतातून किती वेगाने पुढे सरकते ते अल्ट्रासाउंड टिपतं. कडक ऊतीत ती जास्त वेगाने जाते. सगळं मिळून पाच-दहा मिनिटं.

कागदावर मोठ्या अक्षरात एक आकडा किलोपास्कलमध्ये असतो. त्याच्या आधी दोन बारीक नोंदी वाचा. वैध मापं किमान 10 हवीत. आणि ‘आयक्यूआर बाय मिडियन’ (मापं किती विखुरलेली आहेत, भागिले मधलं माप) 30 टक्क्यांच्या आत हवं. म्हणजे 14.2 किलोपास्कल आणि आयक्यूआर 1.8 असेल तर गुणोत्तर 13 टक्के, मापं एकमेकांशी जुळलेली आहेत, आकडा घ्या. त्याच 14.2 सोबत आयक्यूआर 6.1 असेल तर 43 टक्के. मापं विखुरलेली आहेत, तपासणी पुन्हा करायला हवी. अंगाने स्थूल व्यक्तीला एक्सएल प्रोब लागतो. नेहमीचा एम प्रोब वापरला तर मापं मिळतच नाहीत किंवा चुकीची जास्त येतात.

दीर्घकालीन आजारात 10 च्या खाली, आणि दुसरी काही खूण नसेल, तर पुढारलेला आजार जवळपास नाही असं धरतात. 10 ते 15 मध्ये शंका, 15 च्या वर दाट शक्यता. 25 च्या पुढे पोर्टल व्हेनचा दाब गंभीर पातळीला गेला असावा असं मानतात. फक्त स्थूलपणातून आलेल्या फॅटी लिव्हरमध्ये हा शेवटचा आडाखा तितका पक्का नाही. कारणानुसार रेषा थोड्या सरकतात, त्यामुळे 9.8 आणि 10.3 यांच्यात जमीन-अस्मानाचा फरक शोधू नये.

खोटा जास्त आकडा येण्याची कारणं पाठ असू द्या: नुकतंच जेवण, चालू हिपॅटायटिस, पित्तनलिका तुंबणं, हृदय कमजोर असल्याने यकृतात साचलेलं रक्त आणि चालू दारू. एसजीपीटी 400 असताना केलेल्या फायब्रोस्कॅनवरून कोणालाही सिरॉसिस सांगू नये. सूज ओसरल्यावर, दारू थांबवून काही आठवडे गेल्यावर पुन्हा मोजावं. पोटात पाणी असेल तर लहर पुढे जात नाही, नेहमीचं माप निघतच नाही.

त्याच कागदावर ‘कॅप’ हा दुसरा आकडा असतो, 100 ते 400 च्या मापावर. तो चरबीचा. 310 बघून लोक हादरतात आणि शेजारचा 5.1 किलोपास्कल वाचतच नाहीत. पुढे काय होणार हे मुख्यतः कडकपणावरून ठरतं.

सहावी पायरी: कारण शोधा

वण कळले तरी काम अर्धंच झालं, कारण उपचार कारणावर असतात. हिपॅटायटिस बीसाठी एचबीएसएजी आणि सीसाठी अँटी-एचसीव्ही सगळ्यांचीच करतात. अँटी-एचसीव्ही पॉझिटिव्ह म्हणजे विषाणू कधीतरी येऊन गेला. तो आज आहे का, ते आरएनए तपासणीवरूनच ठरतं. बरा झालेला माणूसही पुढे अँटीबॉडी पॉझिटिव्हच राहतो, म्हणून ती तपासणी पुन्हा पुन्हा करण्यात अर्थ नाही. एचबीएसएजी सहा महिन्यांहून जास्त टिकलं तर आजार दीर्घकालीन धरतात आणि डीएनएचं प्रमाण मोजतात.

साखर, चरबी, वजन आणि दारूचा खरा हिशेब यांतून बरीच उत्तरं मिळतात. उरलेल्यांसाठी स्वप्रतिकारक आजारांच्या अँटीबॉडी (एएनए, एएसएमए, एएमए) आणि आयजीजी. लोहासाठी ट्रान्सफेरिन सॅच्युरेशन, ते 45 टक्क्यांच्या वर असेल तर पुढे जायचं. एकट्या फेरिटिनवर विसंबू नका; ते चरबीने, दारूने, कुठल्याही सुजेने वाढतं.

तरुण वयात विल्सनचा आजार, म्हणजे शरीरात साठणारं तांबं, विसरता कामा नये. सेरुलोप्लाझमिन (तांबं वाहून नेणारं रक्तातलं प्रथिन) 20 च्या खाली, डोळ्यांच्या डॉक्टरांनी स्लिट लॅम्पने बघितलेली बुबुळाभोवतीची कडी आणि 24 तासांच्या लघवीतलं तांबं अशी ही तपासणी. 24 तासांची लघवी बहुतेक जण चुकीची गोळा करतात. सकाळी उठल्यावरची पहिली लघवी टाकून द्यायची आणि ती वेळ लिहून ठेवायची. तिथून पुढची प्रत्येक लघवी प्रयोगशाळेनेच दिलेल्या, धातूचा अंश नसलेल्या डब्यात, आणि दुसऱ्या दिवशी त्याच वेळेची लघवीही त्यातच. मधली एक जरी सुटली तर तसं सांगा. अपुऱ्या डब्यावर आलेला ‘नॉर्मल’ दिशाभूल करतो.

बायोप्सी आता कधी?

पूर्वीपेक्षा बरीच कमी. बाकी तपासण्या एकमेकींशी जुळत नसतील, स्वप्रतिकारक आजार पक्का करायचा असेल किंवा दोन कारणं एकत्र असतील तेव्हा. सुईने निघणारा तुकडा दोन-अडीच सेंटिमीटरचा, म्हणजे साऱ्या यकृताचा सुमारे 50 हजारावा भाग. वण सगळीकडे सारखे नसतात, त्यामुळे तुकडा लहान किंवा तुटका आला तर सिरॉसिस चुकूही शकतो. वण एफ0 ते एफ4 असे मोजतात. एफ4 म्हणजे सिरॉसिस.

आधी आयएनआर आणि प्लेटलेट बघतात, रक्त पातळ करणारी औषधं सांगायलाच हवीत. नंतर काही तास निजून राहायचं. उजव्या खांद्यात दुखणं नेहमीचं. पण दुखणं वाढत चाललं, चक्कर आली, घाम फुटला तर लगेच सांगा, आत रक्तस्राव होत असू शकतो. पोटात पाणी असेल किंवा रक्त गोठत नसेल तर मानेतल्या शिरेतून नळी घालून बायोप्सी करतात. त्याच वेळी यकृतातल्या शिरांचा दाबही मोजता येतो: पाऱ्याच्या 5 मिलिमीटरपर्यंत नॉर्मल, 10 च्या पुढे गुंतागुंतीचा धोका.

निदान पक्कं झाल्यावर

तीव्रता चाइल्ड-प्यू गुणांनी मोजतात. बिलिरुबिन, अल्ब्युमिन, आयएनआर, पोटातलं पाणी आणि मेंदूवरचा परिणाम, प्रत्येकी 1 ते 3 गुण. बिलिरुबिन 2.4 ला 2, अल्ब्युमिन 3.0 ला 2, आयएनआर 1.5 ला 1, थोडं पाणी 2, मेंदूवर परिणाम नाही म्हणून 1, बेरीज 8. 5-6 म्हणजे ए, 7 ते 9 बी, 10 पासून पुढे सी. या पाचांत एसजीपीटी कुठेच नाही.

अन्ननलिकेतल्या फुगलेल्या शिरा बघायला एंडोस्कोपी लागते. पण पोटात पाणी होणं किंवा रक्तस्राव असं काही अजून झालेलं नसेल, फायब्रोस्कॅन 20 च्या खाली आणि प्लेटलेट दीड लाखाच्या वर असतील, तर ती पुढे ढकलता येते. हे विचारायला संकोच करू नका.

पोटात पाणी झालं तर पहिल्याच वेळी सुईने थोडं काढून तपासायला हवं. रक्तातलं अल्ब्युमिन वजा पाण्यातलं अल्ब्युमिन, दोन्ही नमुने एकाच दिवसाचे. 2.9 वजा 1.1 म्हणजे 1.8. 1.1 किंवा जास्त आलं तर पाणी पोर्टल दाबामुळे. आणि न्यूट्रोफिल या पांढऱ्या पेशी एका घन मिलिमीटरमध्ये 250 किंवा जास्त असतील तर पाण्यात संसर्ग आहे, कल्चरची (जंतू वाढवून बघण्याची तपासणी) वाट न बघता उपचार सुरू करतात. कल्चरचं पाणी खाटेशेजारीच थेट बाटलीत घालावं, आणि अँटिबायोटिक त्यानंतर.

दर सहा महिन्यांनी सोनोग्राफी, बहुधा सोबत एएफपी ही रक्ततपासणी, यकृताचा कर्करोग लवकर सापडावा म्हणून. एएफपी नॉर्मल आली म्हणून सोनोग्राफी चुकवू नये. बऱ्याच लहान गाठींत एएफपी वाढतच नाही.

रक्ताची उलटी, डांबरासारखी काळी शौच, बोलण्यात घोळ किंवा दिवसा गुंगी, पोटात पाणी असताना ताप यांतलं काहीही झालं तर घरी रिपोर्ट जमवत बसायचं नाही, थेट रुग्णालयात जायचं. जुन्या कागदांची फाइल दुसऱ्या कोणीतरी मागून आणली तरी चालते.